एक जूनचा केक

२८ नोव्हेंबर २०११, सोमवार. दुपारपासून म्हाताऱ्याचं घर रिकामं करते आहे. घर विकायला काढलंय आणि गुरुवारी लोक बघायला येणार आहेत. मालकाच्या बायकोने कामं वाटून दिली. तिच्याकडे स्वयंपाकघर आणि कपाटं, माझ्याकडे वरची खोली आणि दोन्ही वॉशरूम. वरची खोली मला, कारण तिथे मी सात महिने राहिले होते. वॉशरूम मला का, हे ती बोलली नाही. रबरी हातमोजे घातले आणि कामाला लागले.

म्हातारा ऑक्टोबरमध्ये गेला. एक्क्याऐंशी वर्षांचा होता, असं म्हणतात. 'असं म्हणतात' हे शब्द त्याचेच. कुणी सांगितलं की उद्या बर्फ पडणार, तर तो म्हणायचा, "असं म्हणतात." दुधाच्या पिशवीवरची तारीख वाचून दाखवली तरी "असं म्हणतात." चर्चमधून आल्यावर प्रवचन कसं झालं विचारलं तर, पाद्री काय बोलला ते सांगून शेवटी तेच. ग्रीनहाउसमध्ये त्याने एकाच खांबाला तीन थर्मामीटर टांगले होते. तिन्ही वेगवेगळं तापमान दाखवायचे आणि तो मधल्यावर विश्वास ठेवायचा. तोही पूर्ण नाही.

तो डच होता. दुसऱ्या महायुद्धानंतर विशीत असताना बोटीने कॅनडात आलेला. हॅमिल्टन सोडून नायगाराकडे निघालं की सरोवराच्या बाजूने काचेची ग्रीनहाउसं लागतात, त्यातली बरीच या लोकांची. त्यांचं चर्च वेगळं, शाळा वेगळी, दुकानात मीठ घातलेल्या ज्येष्ठमधाच्या काळ्या गोळ्या. रविवारी कुणी अंगणातलं गवतसुद्धा कापत नाही. म्हाताऱ्याने उभं केलेलं ग्रीनहाउस आता त्याचा पुतण्या चालवतो. तोच माझा मालक. म्हाताऱ्याला सगळे 'ओम' म्हणत. त्यांच्या भाषेत ओम म्हणजे काका. माझ्या नवऱ्याने हे पहिल्यांदा ऐकलं तेव्हा तो फोनवर इतका वेळ हसला की कार्डावरची मिनिटं संपली.

मी तिथे कामाला लागले ती २००७च्या जानेवारीत. त्याआधी तीन वर्षं आम्ही स्कारबरोत एका बेसमेंटमध्ये राहत होतो. तळेगावच्या पॉलीहाऊसमध्ये मी नऊ वर्षं जरबेरा आणि शेवंती वाढवली होती, पण इथे अप्लाय केलं की सगळे एकच विचारायचे, कॅनेडियन एक्स्पीरियन्स आहे का. नव्हता. म्हणून ग्रोसरीच्या दुकानात काउंटरवर उभी राहायचे. मग नवऱ्याचं सॉफ्टवेअरचं कॉन्ट्रॅक्ट संपलं आणि त्याच आठवड्यात या डच मालकाचा फोन आला. सहा महिने ट्रायल. जूनअखेर कन्फर्म झाले तर शेवंतीच्या कलमांचा सगळा विभाग माझ्याकडे. मग सप्टेंबरात शाळा सुरू व्हायच्या आत नवरा आणि मुलगा इकडे येणार. नाही झाले तर परत स्कारबरो, परत काउंटर, आणि तिथल्या मॅनेजरने सांगितलंच होतं की जागा धरून ठेवणार नाही.

गाडी नव्हती. म्हणून मालकाने काकाच्या घरातली वरची खोली दिली, ग्रीनहाउसपासून पाच मिनिटं चालत. शुक्रवारी बसने स्कारबरो, रविवारी परत. सोय चांगली होती. फक्त सोयीत म्हातारा होता.

पहिल्याच सोमवारी संध्याकाळी मी खोलीचे पडदे ओढले. खोली रस्त्याकडची, बाहेर अंधार, आत दिवा. जिन्यावर पावलं वाजली, मग दारावर टकटक.

"आत कोण आहे?"

"मी."

"आणखी कोण?"

"कुणी नाही."

"मग पडदे का ओढलेस?"

मी म्हटलं, कपडे बदलायचेत. तो म्हणाला, "बदल. मग उघड."

खाली त्याच्या बैठकीच्या खोलीला हे एवढं मोठं काचेचं तावदान, खाली कुंड्यांची रांग आणि पडद्याचं नाव नाही. रस्त्यावरून जाणाऱ्याला तो ब्रेडवर काय लावून खातो हेही दिसायचं. त्यांच्याकडे ही रीतच आहे, आपल्या घरात लपवण्यासारखं काही नाही हे गावाला दिसलं पाहिजे. ते मला नंतर कळलं. तेव्हा वाटलं, हा माझ्यावर नजर ठेवतोय. दोन्ही खरं होतं.

त्याच संध्याकाळी सात वाजता त्याने विचारलं, "कॉफी?" मी म्हटलं, "नको, नको." आपल्याकडे पहिल्यांदा नको म्हणायचं असतं. दुसऱ्यांदा आग्रह होतो आणि तिसऱ्यांदा कप हातात येतो. त्याने मान हलवली, स्वतःपुरती कॉफी ओतली, बिस्किटाच्या डब्यातून एक बिस्किट काढलं आणि झाकण टक्कन लावलं. पुढचे तीन आठवडे त्याने विचारलंच नाही. रोज सात वाजता खालून वास यायचा. मी मनात म्हटलं, काय चिकट माणूस आहे. शेवटी स्वतःची इन्स्टंट कॉफीची बाटली आणली आणि वरच्या खोलीत एकटी कॉफी पिऊ लागले.

एक दिवस त्याने मला खाली बोलावलं. समोर वही. लाल पुठ्ठ्याची, खिशात मावेल एवढी, रबर लावलेली. त्याने पान काढलं आणि मला इंग्रजीत करून वाचून दाखवलं. "आठ जानेवारी. कॉफी विचारली. नको म्हणाली. मग किटलीकडे बघितलं. दोनदा." चष्म्यावरून माझ्याकडे बघत म्हणाला, "माणूस बोलतो एक आणि बघतो दुसरीकडे. याचा अर्थ काय?"

"अर्थ असा की कॉफी हवी होती."

"मग हवी म्हणायचं."

त्या दिवसापासून कॉफी मिळू लागली. एक कप, एक बिस्किट, टक्कन झाकण. पण माझं लक्ष आता त्या वहीकडे लागलं. तिच्यात आणखी काय काय होतं?

मुलाला सांगितलं तर तो म्हणाला, "आई, दॅट्स सो क्रीपी. ही इज रायटिंग यू डाउन?" नवरा म्हणाला, "रिपोर्ट देत असणार पुतण्याला. तू जपून राहा." मलाही तसंच वाटत होतं. म्हातारा रिटायर झालेला, तरी दिवसातून दोनदा ग्रीनहाउसमध्ये यायचा. आत नाही यायचा. काचेच्या पार्टिशनपलीकडे उभा राहायचा, बघायचा, खिशातून वही काढायचा, लिहायचा, जायचा. मेक्सिकोहून आलेली एक बाई माझ्याबरोबर काम करायची, जुनी. तिला मी विचारलं, तुझ्याबद्दलही लिहायचा का? ती म्हणाली, "पहिलं वर्षभर. मग थांबला." मी म्हटलं, का थांबला? तिने ट्रे उचलला आणि पुढच्या ओळीकडे गेली.

त्याचं एक ठरलेलं वाक्य होतं. कुणी त्याला बिल, पत्रक, सर्टिफिकेट काही दाखवलं की तो कागद उलटा करून टेबलावर ठेवायचा आणि म्हणायचा, "कागद बोलतो. मी बघतो." बटाटेसुद्धा पिशवीतले घ्यायचा नाही. सुटे घेऊन एकेक दाबून बघायचा. दुकानातली मुलगी त्याला बघितलं की दुसऱ्या गिऱ्हाइकाकडे वळायची.

माझं काम कलमं काढायचं आणि इतरांकडून काढून घ्यायचं. शेवंतीच्या मूळ झाडांवरून शेंडे कापायचे, ते लावले की नवी झाडं. यात एक गोष्ट सांभाळावी लागते. एका झाडाला विषाणू असेल तर सुरीबरोबर तो पुढच्या झाडाला जातो. म्हणून प्रत्येक झाडानंतर सुरी औषधात बुडवायची. बुडवून लगेच काढली तर उपयोग नाही, थोडा वेळ राहू द्यावी लागते, आणि तेवढा वेळ कुणी थांबत नाही. तळेगावला मी दोन सुऱ्या ठेवायचे. एक हातात, एक औषधात, झाड बदललं की सुरी बदलायची. इथेही तसंच करत होते. मला कुणी सांगितलं नव्हतं आणि मीही कुणाला सांगितलं नव्हतं.

आता एक जूनचं.

त्या वर्षी एक जून शुक्रवारी होता. मी सकाळी डब्यात पोळी आणि कारल्याची भाजी भरली, बसची बॅग बरोबर घेतली आणि कामावर गेले. दहा वाजता कॉफीची सुट्टी. कॉफीच्या खोलीत गेले तर खुर्च्या गोल मांडलेल्या. मालक, त्याची बायको, ऑफिसातले दोघे, पॅकिंगचे लोक, सगळे बसलेले. आणि म्हातारा, चर्चचा कोट घालून. एकेकाने उठून माझा हात हातात घेतला आणि अभिनंदन केलं. मग ते एकमेकांचे हात हलवून एकमेकांचंही अभिनंदन करू लागले, माझ्याबद्दल. मला वाटलं, कन्फर्म झाले. महिनाभर आधीच. मी खूश होऊन सगळ्यांना थँक यू म्हणत होते.

मग सगळे खाली बसले. कपांमध्ये कॉफी ओतलेली होती, टेबलावर बाकी काही नव्हतं. हळूहळू माझ्या लक्षात आलं की सगळे माझ्या बॅगेकडे बघतायत.

मालकाची बायको हळूच म्हणाली, "केक बॅगेत आहे का?"

"कसला केक?"

"तुझ्या वाढदिवसाचा."

त्यांच्यात ज्याचा वाढदिवस तोच केक आणतो. मी पाच महिने बघत होते, कधी कुणी केक आणायचं, कधी कुणी ॲपल पाय आणायचं, मी खायची. कोण का आणतंय हे मी कधी विचारलं नव्हतं. मला वाटायचं, हौस. आणि एक जून हा आपला वाढदिवस आहे हे माझ्या डोक्यातच नव्हतं. तो कागदावरचा दिवस, फॉर्म भरताना लिहायचा.

इथे मी चूक केली. "विसरले, सॉरी" म्हटलं असतं तर सगळं तिथेच मिटलं असतं. पण मी म्हणाले, "आज माझा वाढदिवस नाहीये."

मालक म्हणाला, "पासपोर्टवर आहे."

"पासपोर्टवर आहे. पण तो खरा नाही."

खोलीत कुणी कप ठेवला नाही की उचलला नाही. मी समजावू लागले. गावात घरीच जन्म, कोण नोंद करतंय? शाळेत घालायला नेलं की हेडमास्तर मुलाकडे बघून वय ठरवायचे. शाळा जूनमध्ये सुरू व्हायची, त्यामुळे एक जून लिहिला की हिशोब सोपा. आमच्या वर्गात सत्तावीस मुलं होती आणि त्यातली एकोणीस एक जूनची.

"एकोणीस," म्हातारा म्हणाला. वही काढून त्याने आकडा लिहिला.

संध्याकाळी स्कारबरोला पोचले आणि नवऱ्याला सांगितलं. तो कपाळाला हात लावून बसला. "तुला खरं बोलायला कुणी सांगितलं होतं? विसरले म्हणायचं आणि सोमवारी नेऊन द्यायचा."

"मला काय माहीत हे एवढं पुढे जाईल."

"माझाही एक जूनच आहे. मी कधी कुठे बोललो का?"

हे खरं होतं. आमच्या दोघांच्या पासपोर्टवर एक जून. इमिग्रेशनच्या माणसानेही दोन्ही पासपोर्ट शेजारी शेजारी धरून आमच्याकडे बघितलं होतं. नवरा म्हणाला, "हे मात्र त्या म्हाताऱ्याला सांगू नकोस."

सोमवारी मालकाने ऑफिसात बोलावलं. त्याला वाईट वाटत होतं, हे दिसत होतं. "ओम म्हणतो, एक तारीख खोटी असेल तर बाकीचे कागदही बघायला हवेत. डिग्रीचं ओरिजिनल घेऊन ये. तळेगावच्या तुझ्या जुन्या मालकांना मी ईमेल करतो. तोवर कन्फर्मेशन थांबवू."

मी ओरिजिनल आणून दिलं. तळेगावचे मालक पॉलीहाऊस विकून मोकळे झाले होते, ईमेलला उत्तर येईना. आठवडा गेला. मुलाच्या नव्या शाळेचा फॉर्म तसाच पडून होता. मी दिवसभर शेवंती कापत होते आणि काचेपलीकडे म्हातारा उभा होता. तेव्हा मला त्याचा खरंच राग येत होता. ज्या माणसाला दुधाच्या तारखेवर विश्वास नाही, त्याने माझ्या तारखेवरून माझं घर अडवून धरलं होतं.

मंगळवारी संध्याकाळी सातला मी खाली गेले आणि कॉफीची वाट न बघता म्हटलं, "तुम्हाला काय विचारायचंय ते मला विचारा."

त्याला जणू हेच हवं होतं. वही आधीच टेबलावर होती.

"तू कधी जन्मलीस हे कुणाला माहीत आहे?"

"माझ्या आईला."

"जिवंत आहे?"

"आहे. सिन्नरजवळ, भावाकडे."

"फोन आहे?"

"आहे."

"उद्या सकाळी." मग पेन्सिल उचलत म्हणाला, "आणि नवरा कधी जन्मला?"

मी किटलीकडे बघितलं. माझ्या लक्षात आलं की मी किटलीकडे बघतेय आणि त्याच्याही लक्षात आलं.

"एक जून," मी म्हटलं.

त्याने पेन्सिल खाली ठेवली. मग म्हणाला, "हे तू लपवू शकली असतीस." त्याने ते लिहिलं की नाही, हे मला दिसलं नाही. बिस्किट मात्र दिलं.

बुधवारी सकाळी साडेसातला, म्हणजे तिकडे संध्याकाळी पाचला, मी खालच्या फोनवरून नंबर लावला. वर माझ्या खोलीत त्याच फोनचा दुसरा रिसीव्हर होता. म्हातारा तो कानाला लावून वर बसला. मी म्हटलं, तुम्हाला मराठी कुठे कळतं? तो म्हणाला, "भाषा कळायची गरज नाही. ती कुठे थांबते ते ऐकायचंय." प्रश्न त्याने कागदावर लिहून माझ्या हातात दिले होते.

आईला वाटलं, काहीतरी वाईट बातमी. "बरी आहेस ना? बुधवारचा कसा काय फोन?"

"बरी आहे. आई, माझा जन्म कधी झाला ते सांग."

"आता? या वयात?"

"सांग गं."

"चंपाषष्ठीचा. सतरांदा सांगितलंय. खंडोबाला भरीत-रोडग्याचा नैवेद्य करायचा होता. वांगी चुलीत घातली आणि मला कळा सुरू झाल्या. वांगी तशीच राहिली, करपून कोळसा झाली. तुझी आत्या म्हणाली, पोरगी काळी होणार."

मी कागदावरचा पुढचा प्रश्न वाचला. "वांगी किती होती?"

"कोण विचारतंय हे?"

"आहेत एक. माझ्या कामाचे."

"कामाला वांगी कशाला? कुंडली काढतोय का कुणी? अगं, तुला तिथे कुणी छळत नाही ना?"

"नाही. किती होती ते सांग."

"पाच," आई म्हणाली. "एवढी मोठी. पाच."

मग तिनेच विचारलं, "त्या बाबाला विचार, त्याच्या जन्माचं त्याच्या आईने काय सांगितलंय?" मी फोनमध्येच तो प्रश्न इंग्रजीत करून त्याला विचारला. वरून उत्तर यायला वेळ लागला. "काही सांगितलं नाही. कागदावर होतं."

आईला मी सांगितलं. ती म्हणाली, "अरे रे."

शुक्रवारी सकाळी त्याने परत फोन लावायला लावला. तेच प्रश्न, तोच कागद. आई वैतागली. "परवा सांगितलं ना? या लोकांना कानाने ऐकू येत नाही का?" पण सांगितलं. चंपाषष्ठी, चूल, आत्या. वांगी किती?

"सहा."

मी म्हटलं, "आई, परवा पाच म्हणालीस."

"पाच काय नि सहा काय. करपली सगळी."

फोन ठेवला. म्हातारा एकेक पायरी उतरत खाली आला. मी काही बोलायच्या आत त्याने विचारलं, "आज किती?"

खोटं बोलायचा विचार माझ्या मनात आला. त्याला मराठी कळत नव्हतं. तो आकडा माझ्याशिवाय त्याला कुणीही सांगू शकत नव्हतं. मी म्हटलं, "सहा."

त्याने वहीत सहा लिहिलं, आणि त्याच्या चेहऱ्यावर मी पहिल्यांदा समाधानासारखं काहीतरी बघितलं. "दोन्ही वेळा पाच म्हणाली असती," तो म्हणाला, "तर मला वाटलं असतं की तू पढवलंस." मग कोट चढवून पुतण्याकडे निघून गेला. तिथे काय सांगितलं, ते मला कळलं नाही.

मालकाने कॉम्प्युटरवर शोधून काढलं. माझ्या जन्मवर्षाची चंपाषष्ठी एकोणतीस नोव्हेंबरला आली होती. म्हणजे पासपोर्टवर मी आहे त्यापेक्षा सहा महिन्यांनी मोठी. म्हाताऱ्याला वाटलं होतं, खोट्या तारखेतून मी काहीतरी मिळवलं असणार. मिळवलेलं काहीच निघेना तेव्हा तो म्हणाला, "पेन्शन सहा महिने आधी." तेवढा संशय त्याने शिल्लक ठेवला. आणि चंपाषष्ठी दरवर्षी एकाच तारखेला येत नाही, हे मी सांगून बसले तेव्हा तर त्याने वहीच मिटली. जो दिवस चालत फिरतो, तो दिवस नाही, असं त्याचं मत होतं.

कन्फर्मेशनचं पत्र जुलैच्या मध्यावर आलं. नवरा आणि मुलगा ऑगस्टमध्ये आले, आम्ही गावात भाड्याचं घर घेतलं आणि मी म्हाताऱ्याची खोली सोडली. मी निघताना त्याने खोलीचे पडदे तपासले आणि हात मिळवला. नंतरची चार वर्षं तो काचेपलीकडे यायचा, पण वही काढायचा नाही. मला वाटायचं, हरला म्हणून. त्याच्या विरोधाला न जुमानता पुतण्याने मला ठेवून घेतलं, असंच मी धरून चालले होते. दरवर्षी एक जूनला केक नेत होते, कारण कॉफीच्या खोलीतला वाढदिवसांचा तक्ता पासपोर्टवरून केलेला आहे. म्हातारा केक खायचा आणि माझं अभिनंदन करायचा नाही.

आज मालकाच्या बायकोला बेडरूमच्या कपाटात वह्या सापडल्या. बुटांच्या खोक्यात, वर्षवार. २००७ची तिने माझ्याकडे आणली आणि खाली जमिनीवर बसून इंग्रजीत करून वाचू लागली. या पाच वर्षांत मीही थोडं डच वाचायला शिकले आहे, त्यामुळे ती काही गाळत नाही ना, हे मी खांद्यावरून बघत होते.

आठ जानेवारी, पडदे. कॉफी, नको, किटली दोनदा. दहा जानेवारी, दोन सुऱ्या. अकरा जानेवारी, दोन सुऱ्या. मग पानंच्या पानं तेच. दोन सुऱ्या. दोन सुऱ्या, शेवटची बॅच, थकलेली. दोन सुऱ्या, एकटी, कुणी बघत नाही असं तिला वाटतंय. एक जून, केक नाही, पासपोर्ट खोटा, वर्गात एकोणीस. चार जून, दोन सुऱ्या. बारा जून, नवराही. स्वतः सांगितलं. तेरा जून, वांगी पाच. पंधरा जून, वांगी सहा. त्याखाली एक ओळ होती आणि तिथे मालकाची बायको थांबली. मी ती स्वतःच वाचली. 'पुतण्याला सांगितलं, ठेव.'

"तुला माहीत नव्हतं?" तिने विचारलं.

"नाही."

"त्या महिन्यात आम्ही दुसऱ्या माणसाला जवळजवळ हो म्हटलं होतं," ती म्हणाली आणि खोकं उचलून निघून गेली.

मी खालच्या वॉशरूमला लागले. या लोकांच्या प्रत्येक वॉशरूममध्ये वाढदिवसांचं कॅलेंडर असतं, बसल्या जागी समोर दिसेल असं. त्यात वार नसतात, फक्त तारखा आणि नावं, त्यामुळे एकच कॅलेंडर तीस-चाळीस वर्षं चालतं. माणूस गेला की नावापुढे बारीक क्रूस. म्हाताऱ्याच्या कॅलेंडरवरची बाकी सगळी नावं शाईची. माझं नाव मी त्या जूनमध्ये पाहिलं होतं, एक तारखेला, पेन्सिलने, पुढे प्रश्नचिन्ह. ते पाहून मला राग आला होता. ऑगस्टमध्ये मी घर सोडलं, त्यामुळे पुढचे महिने बघायची वेळ आली नाही.

पान ऑक्टोबरचं होतं. खिळ्यावरून काढायच्या आधी मी ते उलटलं. नोव्हेंबरच्या एकोणतीस तारखेलाही माझं नाव होतं. पेन्सिलने. पुढे प्रश्नचिन्ह. जून काढून बघितला, तिथलंही तसंच होतं. खोडलेलं नव्हतं. म्हणजे चार वर्षं त्याने दोन्ही तारखा ठेवल्या आणि एकीवरही विश्वास ठेवला नाही.

कॅलेंडर मालकाच्या बायकोला दाखवलं. ती म्हणाली, हवं तर ने. वॉशरूम घासून झाली, आरसा पुसला, हातमोजे धुऊन वाळत घातले आणि कॅलेंडर घेऊन घरी आले.

२९ नोव्हेंबर, मंगळवार. सकाळी मी ते कॅलेंडर आमच्या वॉशरूममध्ये लावलं. मुलगा दाराबाहेर उभा होता. "आई, सीरियसली? इन द वॉशरूम?" मी पेनने नोव्हेंबरातलं माझं नाव गिरवलं. प्रश्नचिन्ह गिरवलं नाही, खोडलंही नाही. म्हाताऱ्याच्या नावापुढे क्रूस काढला. मग बेकरीतून सफरचंदाचा केक घेतला आणि दहा वाजता कॉफीच्या टेबलावर ठेवला.

मालकाने डबा उघडून बघितला. "आज कशाचा?"

"वाढदिवसाचा."

त्याने भिंतीवरच्या तक्त्याकडे बघितलं, मग माझ्याकडे. "पण जूनचा आणणार ना?"

"आणीन," मी म्हटलं. "पासपोर्टवर आहे."

त्याने उठून माझा हात हलवला, मग शेजारणीचा हलवला. मी सगळ्यांना एकेक तुकडा दिला, डब्याला टक्कन झाकण लावलं, हात धुतले, दोन सुऱ्या घेतल्या आणि कामाला गेले.